कोंडीचा दिवस

"पुन्हा चुकली बघ पोरगी!" असं म्हणत नृसिंहमास्तरांनी लाल शाईची दौत पुढे ओढली.

बाबाजान टपालवाला ओट्याला टेकून तांब्यातलं पाणी पीत होता. खर्डा गावात टपाल वाटताना मास्तरांचं घर तो मुद्दाम शेवटी ठेवी. सुचित्राचं कार्ड आलेलं असलं, की ते वाचून होईपर्यंत तो हलत नसे. पोरीला त्यानं गुडघ्याएवढी असल्यापासून पाहिलं होतं.

"काय चुकलं?"

"तारीख. ही तिसरी खेप. मार्चात चुकली, जूनमध्ये चुकली, आता ऑगस्टातही तेच."

"बाकी खुशाल हाय ना?"

"खुशाल म्हणजे काय! ऐक." मास्तरांनी कार्ड डोळ्यांजवळ नेलं. "'तीर्थरूप नाना यांस सुचित्राचा शिरसाष्टांग नमस्कार. मी येथे सुखरूप आहे. सासूबाई मला पोटच्या मुलीप्रमाणे वागवतात. कशाची उणीव नाही. घरात कामाची अडचण असल्याने मला नेण्यास येऊ नये. काळजी नसावी.' झालं समाधान?"

बाबाजाननं हात पुढे करून कार्ड घेतलं. त्याला मराठी पत्त्यापुरतं वाचता येई, पण अक्षरं तो रोज शेकड्यांनी बघत होता. "अक्षर लई बारीक झालंय पोरीचं. आदी कसं ठळक असायचं."

"कार्डावर जागा कमी असते, बाबाजान."

"कार्ड तर तेवढंच हाय की, मास्तर."

मास्तर हसले. त्यांचं लक्ष कार्डाच्या उजव्या कोपऱ्याकडे होतं. तिथे, जिथे गाव आणि तारीख लिहायची, तिथे सुचित्रानं लिहिलं होतं : 'भोरडपूर, कोंडीचा दिवस.'

भोरडपूर नावाचं गाव नगर जिल्ह्यात नाही, कुठल्याच जिल्ह्यात नाही. ते मास्तरांनी आणि सुचित्रानं दोघांत मिळून वसवलं होतं. सुचित्रा नऊ वर्षांची असताना तिला विषमज्वर झाला. आई दोन वर्षांपूर्वीच गेलेली. पोर एकोणपन्नास दिवस खाटेला खिळून होती. रोज सकाळी डोळे उघडले, की ती विचारी, "नाना, आज कुठला वार?" आणि मास्तर वार सांगत. एक दिवस ती रडायला लागली. "परवाही मंगळवारच होता. तुमचे वार संपतच नाहीत."

मास्तरांना पोरगी रडलेली बघवेना. खाटेजवळच्या खिडकीतून खर्ड्याच्या किल्ल्याचा बुरूज दिसे आणि बुरुजावर हिवाळ्यात भोरड्या पक्ष्यांचे थवे उतरत. मास्तर म्हणाले, "आपल्याकडे मंगळवार आहे. पण त्या बुरुजाच्या पलीकडे भोरड्यांचं राज्य आहे, तिथे आज मंगळवार नाहीच. तिथलं पंचांगच वेगळं."

"तिथं आज काय आहे?"

तिथून ते पंचांग सुरू झालं. भोरडपूरची राणी एक भोरडी होती. तिच्या राज्यात माणसं वीतभर उंचीची, कणसाच्या पोकळीत राहणारी. त्यांची घरं वाऱ्यावर डुलत आणि पाऊस आला की माणसं पानांच्या होड्या करून बाजाराला जात. पहिला थवा ज्वारीवर उतरला, की त्यांचं वर्ष लागे. मास्तर पडले गणिताचे, त्यांना मोघम काही खपत नसे, म्हणून त्यांनी तो दिवस एक नोव्हेंबर ठरवून टाकला. महिने नऊ, प्रत्येकाचे दिवस चाळीस : हुरडी, धुकाळी, पानगळी, झळई, वावटळी, मृगी, चिखली, गवती आणि कणसाळी. उरले पाच दिवस. त्यांतले चार सणाचे. शेवटचा एक दिवस कोणत्याच महिन्यात नव्हता.

तो दिवस सुचित्रानं घडवला. ज्या दिवशी ताप फार चढला होता त्या दिवशी. त्या एका दिवशी राज्यावर ससाणा घिरट्या घालतो. सगळी दारं बंद. कुणी बोलायचं नाही, कुणी हलायचं नाही, श्वाससुद्धा हळू घ्यायचा. मास्तरांनी नाव दिलं, कोंडीचा दिवस. मग पोरीनं डोळे मिटूनच त्याचा नियम सांगितला होता : "कोंडीच्या दिवशी आतून दार उघडत नाही, नाना. बाहेरून कुणीतरी येऊन कडी काढावी लागते. तुम्ही याल ना?"

"येईन की," मास्तर म्हणाले होते.

पोरगी बरी झाली. पंचांग मात्र राहिलं. मास्तरांनी त्याची एक वही केली, वळणदार अक्षरात, आखून-रेखून. पुढे सुचित्रा व्हर्नाक्युलर फायनल पास झाली तरी सकाळी चहा देताना म्हणायची, "नाना, आज झळईचा नववा." मास्तर मनात मोजत आणि म्हणत, "दहावा."

कारण चूक त्यांना सहन होत नसे. तीस वर्षं त्यांनी पोरांच्या वह्या तपासल्या, पण त्यांची लाल शाई तेवढ्यावर थांबत नसे. गावात आलेल्या लग्नपत्रिका ते तपासत, चावडीवरच्या नोटिशी तपासत. एकदा त्यांनी वाण्याच्या पाटीवरचा ऱ्हस्व उकार शिडी लावून दीर्घ केला होता. लोक हसत, पण मानतही. नृसिंहमास्तरांच्या नजरेतून चूक सुटत नाही, असं खर्ड्यात म्हणत.

सुचित्राचं लग्न त्यांनी गेल्या वर्षीच्या मे महिन्यात करून दिलं. स्थळ मोठं होतं. सोनईच्या पुढे दोन कोसांवर करजवाडी, तिथल्या कुळकर्ण्यांचं घर. मुलगा शामकांत, एकुलता एक, दिसायला चांगला, बोलायला मवाळ. घरात फक्त त्याची आई दमयंतीबाई. मास्तर येता-जाता सांगत, "एकच सासू. ना दीर, ना नणंद. पोरीनं नशीब काढलं."

पहिल्या दिवाळसणाला त्यांनी तिला पाठवलं नाही. संक्रांतीला मास्तर स्वतः तिळगूळ घेऊन गेले. दमयंतीबाईंनी त्यांना पाटावर बसवून जेवू घातलं, स्वतः समोर बसून राहिल्या. सुचित्रा वाढायला आली. वाळल्यासारखी वाटली, पण नवी सून कामाला जुंपली की वाळतेच, असं मास्तरांनी मनाशी म्हटलं.

"बरी आहेस ना?"

"हो, नाना."

एवढंच. निघताना मात्र ती दारापर्यंत आली आणि सगळ्यांसमोर म्हणाली, "नाना, आज तिकडची तारीख काय?"

दमयंतीबाईंनी मान वर केली. "तिकडची म्हणजे कुठली गं?"

मास्तर ओशाळले. एवढ्या मोठ्या घरात आपल्या मुलीचं पोरपण असं उघडं पडलेलं त्यांना आवडलं नाही. "काही नाही विहीणबाई, लहानपणचा एक खेळ आहे. सुचे, आता मोठी झालीस. पुरे झालं ते."

"हो," सुचित्रा म्हणाली.

त्यानंतर आलेली ही तीन कार्डं. तिन्हींवर तोच दिवस. खेळ पुरे म्हटलं तरी पोरगी खेळते आहे, याचं मास्तरांना मनातून बरंच वाटलं होतं. खटकत होती ती चूक. त्यांनी टाक बुडवला आणि नव्या कार्डावर लाल शाईत लिहिलं :

'चि. सुचित्रास आशीर्वाद. तुझे पत्र पावले. तू सुखात आहेस हे वाचून समाधान झाले. मात्र तारखेची चूक तिसऱ्यांदा झाली आहे. कोंडीचा दिवस वर्षातून एकदाच येतो, दरवेळी नव्हे. आज गवतीचा अकरावा. स्वतः केलेले नियम तरी विसरू नयेत. लक्षपूर्वक लिहीत जावे.'

बाबाजाननं ते कार्ड पिशवीत टाकलं. "लाल शाईनं का लिवलं, मास्तर? घरच्या मानसाला?"

"चूक दाखवायची असते ना," मास्तर म्हणाले.

सप्टेंबरात उत्तर आलं. अक्षर पूर्वीसारखंच बारीक, पण रेघेत. कोपऱ्यात 'करजवाडी, ता. १४ सप्टेंबर १९४५.' खाली तोच खुशालीचा मजकूर, आणि शेवटी एक ओळ जास्तीची : 'चूक दाखवल्याबद्दल उपकारी आहे. पुन्हा होणार नाही.'

"शाबास," मास्तर म्हणाले, आणि थोडं वाईटही वाटलं त्यांना, की पोरगी भोरडपूर सोडून गेली.

नवरात्राच्या चौथ्या माळेला तार आली. जामखेडहून सर्व्हिस मोटार, नगरला एक मुक्काम, तिथून घोडेगाव, पुढे बैलगाडी. मास्तर करजवाडीला पोचले तेव्हा चितेची राखही सावडून झाली होती.

दमयंतीबाई पदर तोंडाला लावून बसल्या होत्या. "सकाळी पाणी शेंदायला गेली. विहिरीचे दगड बुळबुळीत. पाय घसरला हो, मास्तर. लेकीसारखी होती मला." शामकांत भिंतीकडे तोंड करून बसला होता. त्यानं मास्तरांकडे पाहिलं नाही. मास्तरांना वाटलं, दुःखानं.

कारभारी पाटील, गावचा पोलिसपाटील, बाहेर थांबला होता. जाडजूड, थकलेला माणूस. तो मास्तरांना चावडीवर घेऊन गेला. "माफी करा. पन बापाचा जबाब लागतो. हवालदार बसलाय कवापास्नं. ह्यो कच्चा लिवलाय, तुमी वाचून सही करा."

मास्तरांनी कागद हातात घेतला. डोळ्यांपुढे अक्षरं हलत होती. तरी चौथ्या ओळीवर त्यांची नजर अडकली. "पाटील, 'संशेय' नव्हे. संशय."

"आता तुमच्यापुडं आमी काय लिवनार, मास्तर? तुमचं अक्षार मोत्यावानी. तुमीच लिवा की सोच्छ."

आणि मास्तरांनी लिहिलं. ताव सरळ धरून, समास सोडून, एकही खाडाखोड न करता : 'माझी मुलगी सासरी सुखात होती. तिची मला आलेली पत्रे त्याची साक्ष आहेत. पाय घसरून विहिरीत पडून ती मयत झाली. माझा कोणावरही संशय नाही.' खाली सही केली. हवालदारानं शाई वाळायची वाट पाहिली, कागद घडी करून खिशात घातला आणि सायकलीवर टांग टाकली.

गाडी गावाबाहेर ओढ्यापाशी आली तेव्हा एक बाई रस्त्यात उभी दिसली. पन्नाशीची, डोक्यावर धुण्याचं गाठोडं. कुळकर्ण्यांच्या घरी धुणं-भांडी करणारी कडूबाई. मास्तरांनी तिला सकाळी परसात पाहिलं होतं. ती काही बोलणार होती, तेवढ्यात दमयंतीबाईंनी हाक मारून तिला आत पाठवलं होतं.

"मास्तर, सही केली का?"

"केली."

"मंग आता सांगून काय उपेग," ती म्हणाली आणि वाट सोडून बाजूला झाली.

मास्तर गाडीतून उतरले. "काय सांगायचं होतं?"

कडूबाईनं गाठोडं खाली ठेवलं. आधी गावाकडं पाहिलं. "पोर घसरली न्हाई. कोठीची कडी काडली, तशी भाईर आली न् सरळ हिरीकडं चालत गेली. मी वट्यावर धुनं आपटत हुते. माज्याकडं बगून हासली. मला वाटलं त्वांड धुवाया चालली."

"कोठीची कडी? कसली कडी?"

"व्हय. सासूबाई भाईरून घालाया लावायच्या. भाकर करपली म्हून, पदर ढळला म्हून, कवा कवा कशापायी बी न्हाई. एकदा तीन दिस. म्या खिडकीच्या फटीतनं पानी दिलं तर माजं काम बंद केलं पंधरा दिस."

"आणि शामकांतराव?"

"कडी त्येच घालायचे. आईनं सांगितलं की उटायचे न् घालायचे. वाईट मानूस न्हाई तसा." तिनं नाक पुसलं. "तुमास्नी पत्र लिवायचं आसलं की तेवडं भाईर काडायच्या. म्होरं बसून एकेक सबूद सांगायच्या, ती लिवायची; तारीख तेवडी तिची ती घालायची. लिवून झालं की परत आत. एकदा म्या इचारलं, बये, बापाला कळवत का न्हाईस? तर म्हनली, कळवलंय मी. येतील ते."

मास्तर तिच्याजवळ सरकले. "कुठे... काय करायच्या म्हणालीस?"

कडूबाईला वाटलं म्हातारा बहिरा झाला. ती मोठ्यानं म्हणाली, "कोंडायच्या म्हंते मी! कोंडून घालायच्या!"

मास्तर तिथेच रस्त्यात बसले. गाडीवान खाली उतरला, त्यानं त्यांच्या डोळ्यांना पाणी लावलं. कडूबाई थोडा वेळ उभी राहिली. मग कुणी पाहील म्हणून गाठोडं उचलून निघून गेली.

चावडीवर ते परत गेले तेव्हा कारभारी पाटलानं हात जोडले. "कागद गेला, मास्तर. आता माज्या हातात काय न्हाई. आन् कडूबाई पुडं येयाची न्हाई, लाख येळा इचारा. तिचं पोट त्या घरावर हाय."

मास्तर खर्ड्याला आले. सगळी पत्रं त्यांनी गोळा केली, पंचांगाची वही काढली, शाळेत रजेचा अर्ज टाकला आणि पाचव्या दिवशी करजवाडीच्या तालुक्याच्या ठाण्यात जाऊन उभे राहिले. दोन दिवस त्यांना बाकावर बसवून ठेवलं. तिसऱ्या दिवशी फौजदारानं आत बोलावलं. फौजदार तरुण होता, गोरटेला, नुकताच बदलून आलेला. त्यानं पत्रं वाचली, सगळी, सावकाश.

"यात तर सगळं चांगलंच लिहिलंय, मास्तर."

"मजकूर नका पाहू, साहेब. तारीख पाहा. कोपऱ्यात."

"कोंडीचा दिवस. हे काय?"

मास्तरांनी वही पुढे केली. सांगायला सुरुवात केली. तीस वर्षं वर्गात उभे राहून शिकवलेला माणूस, पण त्यांना नीट सांगता येईना. फौजदारानं वही उलटली आणि त्याच्या चेहऱ्यावर हळूहळू हसू आलं. त्यानं दोन शिपायांना हाक मारली. "अरे, या इकडे. ऐका. 'भोरडपूर संस्थानची राणी भोरडी हिचे आज्ञेवरून. वर्षाचे महिने नऊ. वीतभर माणसे पानाच्या होडीतून बाजारास जातात.'" शिपाई तोंडावर हात धरून हसले. त्यातला एक म्हणाला, "साहेब, ह्या संस्थानात बदली मागावी का?"

मास्तर उभे होते. हसणं संपेपर्यंत उभे राहिले. मग म्हणाले, "कोंडीच्या दिवशी आतून दार उघडत नाही, साहेब. बाहेरच्यानं येऊन कडी काढायची, असा नियम आहे. तिनंच केलेला. ती मला बोलावत होती."

फौजदाराचं हसू गेलं. तो दुष्ट नव्हता. त्यानं शिपायांना बाहेर जायला सांगितलं आणि कपाटातून करजवाडीचे कागद काढले. "हा जबाब कुणाच्या अक्षरात आहे?"

"माझ्या."

"आणि हे?" त्यानं कागदांतून एक कार्ड काढून टेबलावर ठेवलं. लाल शाईचं. "दमयंतीबाईंनी आणून दिलंय. मुलगी जरा वेडसर होती, भलतंच काही लिहायची, बापसुद्धा तिला समज देत होता, असं त्यांचं म्हणणं. मी तुमचं म्हणणं मानलं, मास्तर. पूर्ण मानलं. तिनं तुम्हाला कळवलं. तीनदा कळवलं. सरकारला ही भाषा कळत नाही, पण तुम्हाला येत होती ना? तुम्ही काय केलंत?"

मास्तरांनी आपलं अक्षर वाचलं. 'लक्षपूर्वक लिहीत जावे.' एकही चूक नव्हती.

त्यांनी पत्रं उचलली, वही उचलली. फौजदार म्हणाला, "कार्ड राहू द्या, ते कागदांत लागलंय." मास्तर मान हलवून बाहेर आले.

दिवाळी गेली. शाळेत ते जात होते, शिकवत होते. घरी कुणी बोलायला आलं तर बोलत. बाबाजान येऊन ओट्यावर बसे. टपाल नसलं तरी बसे. त्यानं एकदाही म्हटलं नाही की मी सांगत होतो. तुळशीच्या लग्नानंतर एक दिवस तो म्हणाला, "मास्तर, सांगू का नगं, कळंना. करजवाडीचं पोरगं पुन्यांदा बोहल्यावर उभं राहतंय. मिरजगावची पोरगी. आमच्या टपालवाल्यांत कळलं."

दुसऱ्या दिवशी पहाटेच मास्तर निघाले.

मिरजगावात सुमंतभटजींचं घर सापडायला वेळ लागला नाही. देवळामागे दोन खोल्या, दारात मांडवाचे वासे येऊन पडलेले. सुमंतभटजी पंचेचाळिशीचे, बोलके. पाच मुली, ही थोरली. त्यांनी मास्तरांना ओट्यावर घोंगडी टाकून बसवलं आणि सगळं ऐकून घेतलं. कोठी, कडी, विहीर. ऐकून झाल्यावर त्यांनी मास्तरांच्या गुडघ्यावर हात ठेवला.

"मास्तर, तुमचं दुःख मी जाणतो. आपल्या लेकीच्या जागी दुसरी जाते आहे म्हटलं की बापाच्या जिवाला लागणारच."

"तसं नाही हो. मी डोळ्यांनी..."

"तुम्ही डोळ्यांनी काही पाहिलेलं नाही. रागावू नका. एका मोलकरणीनं सांगितलं." सुमंतभटजी उठले, आत गेले आणि एक कागद घेऊन आले. "मीसुद्धा चौकशी केल्याशिवाय मुलगी देत नाही. ही विहिरीची गोष्ट माझ्याही कानावर होती. मी विचारलं, तर दमयंतीबाईंनी आपण होऊन ही नक्कल हातात ठेवली. तुमचाच जबाब ना हा? 'माझी मुलगी सासरी सुखात होती.' बापानंच असं लिहून दिल्यावर मी कुणावर विश्वास ठेवायचा? तुमच्यावर, का तुमच्यावर?"

मास्तरांनी ती नक्कल घेतली, वाचली आणि घडी करून परत दिली.

"जेवून जा," सुमंतभटजी म्हणाले. "लग्नाला अकरा दिवस राहिलेत. माणसं जमवायची आहेत, मला जरा गावात जायचंय. विजयमाला, पाणी आण गं."

पंधरा वर्षांची एक सावळी मुलगी पाण्याचा लोटा आणि भांडं घेऊन आली. भांडं काठोकाठ भरलं, पण खाली एक थेंब सांडू दिला नाही. सुमंतभटजी जोडे घालून निघाले. मुलगी भांडं परत न्यायला थांबली होती.

"बाळ, लिहिता-वाचता येतं का तुला?"

"नाही," विजयमाला म्हणाली.

"काहीच नाही?"

"धाकट्या चौघींना सांभाळायला होते ना मी." तिनं हे तक्रारीसारखं सांगितलं नाही. "तिकडे लागतं का लिहायला?"

मास्तरांनी इकडेतिकडे पाहिलं. हाताशी पाटी नव्हती, खडू नव्हता. बाराखडीला हुशार पोरालासुद्धा किती महिने लागतात, हे त्यांच्याइतकं कुणाला ठाऊक असणार? त्यांनी भांड्यात बोट बुडवलं आणि ओट्याच्या दगडावर, उन्हात, एक अक्षर काढलं.

"हे वि. तुझ्या नावातलं पहिलं. बघ, आधी वेलांटी, मग हा व."

मुलगी वाकली. तिनं पदर सावरून अक्षराकडे नीट पाहिलं, ओठ हलवले. मास्तरांनी पुढे 'ज' काढायला घेतला. दगड दुपारच्या उन्हानं तापला होता. 'ज'ची उभी रेघ उतरेपर्यंत 'वि' वाळून गेला.

"गेलं," विजयमाला म्हणाली.

आतून आईनं हाक मारली. ती जागची हलली नाही, पण मान आत वळवून "आले" म्हणाली.

मास्तरांनी पुन्हा भांड्यात बोट बुडवलं.